पाटीवर काय लिहिलंय

रापणीच्या खोपीत चादर ताणली,
चारी टोकांना जाळ्याची शिशं बांधून.
तरी वारा तिला पोटातून फुगवत राहिला,
आणि त्या जपानी खाडीला
आमच्या आचऱ्याच्या खाडीची भरती आली.

चित्र मुकं. नव्वद वर्षांपूर्वीचं.
पुण्याला मी हेच काम करते:
बुरशी पुसायची, फाटलेल्या कडा जोडायच्या.
डबा उघडला की आंबूस वास येतो.
रसायनाचा असतो, ठाऊक आहे मला,
पण दर वेळी आमच्या फडताळातली आगळाची बाटली आठवते.

माणसं पंचवीस. एक कुत्रा.
पुढे प्लास्टिकच्या खुर्चीत बाबा.
लाडू तारी म्हणायचे त्यांना, पूल होईपर्यंत.
होडी तेव्हापासून माडाखाली आडवी आहे,
तरी दरसाल तिला काजूच्या सालीचं तेल लावतात,
कशाला, ते विचारायचं नाही.

गोष्ट साधी. एक नावाडी आणि त्याची ओसेई.
("वशी म्हण गो," मागून कुणीतरी. मग ती वशीच झाली.)
शहरात कापडाच्या पेढीवर कामाला लागली,
पत्रं थांबली.
तो निघाला. हातात तेलकट कागदाची छत्री,
तिचीच, घरी विसरलेली.
"आपल्या इरल्यासारखी काय गो?"
"नाय, ही मिटता."
"मगे बरी."

मधेमधे काळी पाटी येते.
अक्षरं वरून खाली,
दोरीवर सुकत घातलेल्या मोरीच्या पट्ट्यांसारखी.
मान न वळवता बाबा विचारतात, "काय म्हणता?"
मी कागदावर बघून सांगते.

पेढीचं दार. तो उभा,
गवताच्या चपला, घोट्यापर्यंत चिखल.
गिऱ्हाईक बाई विचारते, हा कोण.
ओसेई गठ्ठा बांधते. गाठ मारते. सोडते.
पुन्हा तीच गाठ.

पाटी.

कागदावर मीच टाइप केलेलं, तीनदा तपासलेलं:
कुणास ठाऊक. गावाकडचा कुणीतरी असेल.

"काय म्हणता?"

"म्हणता, हे माझे बाबा."

खोपीत जपानी कुणालाच येत नव्हतं.
पण चादरीवर तो वाकला,
परक्या दुकानात वाकावं तसा,
छत्री उंबऱ्याशी टेकवली, आणि वळला.

"मगे तो परत कित्याक जाता?"

जनरेटर धडधडत होता.
पुढे पाटी नव्हती. नुसता रस्ता, त्याची पाठ.
"शेवटची होडी चुकात म्हणान," मी म्हटलं.

बाबांनी गुडघ्यावरचा हात उलटा केला फक्त.
"तारी तोच मां?
तेची होडी तेका सोडून कशी सुटतली?"

वसतिगृहाचं फाटक. दुसरं वर्ष.
पिशवीत फणसपोळी, वर्तमानपत्रात गुंडाळलेली.
मैत्रिणीने विचारलं, मी म्हटलं,
पत्ता विचारतायत.
"व्हय, पत्तोच," ते म्हणाले,
आणि कुठल्याशा पेठेचं नाव घेतलं,
मी हाताने दिशाही दाखवली.
जाताना म्हणाले, गाडी चुकात.
गाडी दुसऱ्या दिवशी सकाळची होती.

पाचवं रीळ तिथेच संपतं.
सहावं अजून कुठे सापडलेलं नाही.
कोऱ्या चादरीवर पाखरांच्या सावल्या,
आणि लोक बसूनच,
जणू उजेड म्हणजेही काहीतरी चाललंय.

"छत्री थंयच रवली?"
"रवली."
"बरां झाला. पाऊस आसा तिच्या वाटेक."

मग कुणी बॅटरी लावली,
रापणवाल्यांनी शिशं सोडून घेतली, मोजली.
एक कमी भरलं.
वाळूत हात घालून आम्ही बराच वेळ शोधत होतो,
बाबाही.